एकुलतं एक मूल आणि बंद झालेली दारं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोथरूडमध्ये मी मुलांचा संध्याकाळचा खेळगट चालवते. सहा ते चौदा वयाची मुलं येतात, त्यांतली बरीचशी एकुलती एक. त्यांचे पालक गेटपाशी उभे राहून जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, आणि स्वतः एकुलते एक असलेले मोठे लोक सवडीने फोन करून जे विचारतात, ते इथे एकत्र केले आहेत. मीही एकुलती एक. उत्तरं पुण्या-मुंबईच्या नोकरदार घरांना धरून दिली आहेत, कारण माझा वावर त्याच घरांत आहे.

भावंड नाही म्हणजे मूल एकाकी होणारच का?

नाही. माझा जन्म नारायण पेठेतल्या वाड्यातला. चौकाभोवती बिऱ्हाडं, मधे हौद, आणि दिवेलागणीपर्यंत एकाही बिऱ्हाडाचं दार लागलेलं नसायचं. आपल्याला भाऊ-बहीण नाही हे मला जाणवावं असं तिथे काही घडलंच नाही. समोरच्या काकूंकडे मी जेवून यायचे, त्यांची दोघं आमच्याकडे अभ्यासाला बसायची. मी चौथीत असताना वाडा बिल्डरकडे गेला आणि आम्ही फ्लॅटमध्ये राहायला आलो. दोन बेडरूम, स्वतःचं संडास-बाथरूम, आईला मनासारखा ओटा. शाळेतून आल्यावर गळ्यातल्या किल्लीने लॅच उघडून आत शिरलं, की संध्याकाळी साडेसहापर्यंत माझ्याशी बोलणारं कुणी नसायचं. आईवडील तेच होते, मीही तीच होते. एकटेपण आलं ते घर बदलल्यावर.

म्हणून माझं मत पक्कं आहे. मूल एकटं पडलंय असं वाटलं तर आपण एकच होऊ दिलं म्हणून स्वतःला बोल लावत बसू नका. जिन्यात, पार्किंगमध्ये, समोरच्या फ्लॅटमध्ये काय चाललंय ते आधी बघा.

वाड्यात आणि चाळीत असं काय होतं, जे सोसायटीत नाही?

आधी एक सांगते. वाडे-चाळी सोडून लोक बाहेर पडले ते योग्य कारणांनीच. मुंबईतल्या बीडीडी चाळी १९२०च्या दशकात बांधल्या. एका मजल्यावर वीस खोल्या, इमारतीत ऐंशी, खोली साधारण १६० चौरस फुटांची, संडास सार्वजनिक. त्यात सासू-सासरे, दीर आणि चार मुलं घेऊन संसार केलेल्या बाईला गॅलरीतल्या मजेच्या गोष्टी सांगायला आपण जाऊ नये. पेठांमधल्या वाड्यांत जातीपातीचं बंधन तर उघड होतं. कुणाला जागा भाड्याने द्यायची आणि कुणाला नाही, हे मालक जात विचारूनच ठरवत. माझ्या आईला तो वाडा कधीही परत नको होता, आणि तिचं बरोबरच होतं.

पण मुलांच्या बाजूने पाहिलं तर तिथे तीन गोष्टी आपोआप मिळत. दार उघडं असे, त्यामुळे खेळायला जाण्यासाठी कुणाच्या आईला आधी फोन करावा लागत नसे. मोठी माणसं आजूबाजूला असत, पण मुलांच्या खेळात नसत. कुणी तांदूळ निवडतंय, कुणी पेपर वाचतंय, आणि पोर पडलं तर उचलायला कुणीतरी आहेच. तिसरी गोष्ट मला सगळ्यांत मोलाची वाटते. वेगवेगळ्या वयाची मुलं एकत्र खेळत. लगोरीत, डबा ऐसपैसमध्ये चार वर्षांचं पोर आलं की ते कच्चा लिंबू. त्याला खेळात घ्यायचं, पण त्याच्यावर राज्य द्यायचं नाही. पुढच्या वर्षी त्याच्यावरही राज्य येई, आणि आणखी दोन वर्षांनी तेच पोर एखाद्या नवीन कच्च्या लिंबाला सांभाळून घेई. धाकटेपण आणि थोरलेपण, दोन्ही अशी घरी भावंड नसतानाही वाट्याला येत.

हे सगळं एका दिवसात गेलं नाही. १२ जुलै १९६१ला पानशेतचं धरण फुटलं, नदीकाठच्या पेठांमधले वाडे पडले, आणि पूरग्रस्तांच्या वसाहती गोखलेनगर, लोकमान्यनगरसारख्या भागांत उभ्या राहिल्या. मुंबईत १८ जानेवारी १९८२ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, गिरण्या परत पूर्वीसारख्या चालल्याच नाहीत, आणि गिरणगावातली कुटुंबं हळूहळू डोंबिवली, कल्याण, विरारकडे सरकली. पुढे १९९१नंतर पगार वाढले, गृहकर्जं सहज मिळू लागली आणि पुनर्विकासाला जोर आला. मोठ्या भूखंडावर बिल्डरला मोकळी जागा सोडावी लागते. पण पेठेतल्या चार गुंठ्यांच्या वाड्याच्या जागी इमारत उभी राहते तेव्हा पूर्वीच्या चौकाच्या जागी खांबांवरचं पार्किंग येतं, आणि तिथे ‘येथे खेळू नये’ अशी पाटी लागते. ती पाटी लावणाऱ्या कमिटीत ज्यांचं स्वतःचं बालपण वाड्यात गेलं असे लोक असतात, याचं मला फार वाईट वाटतं.

एकाच मुलावर थांबायची पद्धत कधीपासून आली?

विचार महाराष्ट्रात जुना आहे. र. धों. कर्व्यांनी १९२१मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं तेव्हा लोकांनी त्यांना वाळीत टाकल्यासारखं वागवलं. त्यांच्या कामात पुढे शकुंतला परांजपे आल्या. त्यांना स्वतःला एकच मुलगी, सई परांजपे, आणि ती १९३८ साली जन्मलेली. आजोबा रँग्लर परांजपे यांच्या सहवासात ती वाढली आणि आठव्या वर्षी तिचं मुलांसाठीचं पुस्तक छापून आलं. पण अशी घरं तेव्हा हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी.

१९५२मध्ये सरकारी कुटुंबनियोजन कार्यक्रम सुरू झाला, लाल त्रिकोण आला, ‘हम दो, हमारे दो’ भिंतीभिंतींवर रंगवलं गेलं. १९९२-९३च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रात एका स्त्रीमागे सरासरी २.९ मुलं होती. २०१९-२१च्या सर्वेक्षणात हा आकडा १.७ आहे. सरासरी दोनच्या खाली जाते तेव्हा एकावर थांबणारी घरं किती वाढली असतील याचा अंदाज येतो.

कारणं तुम्हाला ठाऊक आहेत: उशिरा लग्न, दोघांच्या नोकऱ्या, हप्ते, शाळेची फी, आणि सांभाळायला कुणी नाही. एक मात्र जरूर लक्षात ठेवा. कितीतरी घरांत एक मूल हा निर्णय नसतोच. गर्भपात झालेले असतात, आजारपण असतं, नवरा-बायको वेगळे झालेले असतात. म्हणून लग्नकार्यात भेटलेल्या बाईला ‘मग दुसरं कधी?’ असं विचारू नका. तिच्या मुलासमोर तर मुळीच नको.

एकुलती एक मुलं हट्टी आणि आप्पलपोटी होतात, हे खरं ना?

खोटं आहे, आणि फार जुनं आहे. १८९०च्या दशकात अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली हॉल आणि त्यांचे सहकारी बोहॅनन यांनी प्रश्नावल्या पाठवून ‘विचित्र’ मुलांची माहिती गोळा केली. एकुलती एक मुलं बिघडलेली असतात हा समज तिथून पसरला. पुढे टोनी फाल्बो आणि डेनिस पोलिट यांनी १९८६मध्ये तोपर्यंतचे ११५ अभ्यास एकत्र करून तपासले. मिळूनमिसळून वागण्यात एकुलत्या एका मुलांत आणि भावंडं असलेल्यांत त्यांना फरक आढळला नाही. काही मिळवून दाखवण्याची ऊर्मी एकुलत्यांमध्ये थोडी जास्तच दिसली.

गटात मला हट्टी मुलं भेटतात. त्यांत दोन-तीन भावंडांतली मुलंही असतात. ज्या घरी मुलाचा शब्द खाली पडू दिला जात नाही, तिथे मूल हट्टी होतं.

आमचा मुलगा एकटाच दोन्ही बाजूंनी खेळतो आणि स्वतःशी बोलतो. काळजीचं आहे का?

बहुतेक वेळा नाही. तिसरीतल्या एका मुलाच्या घरी गेले होते. दिवाणावर कॅरम मांडला होता. त्याने पांढरी घेतली, मारली, सोंगट्या पावडरीवरून घसरत गेल्या. मग तो उठला, पलीकडे जाऊन बसला, स्ट्रायकर पुसून घेतला आणि काळी मारली. पलीकडच्या खेळाडूला त्याने नाव दिलं होतं, त्याची बसायची ढब वेगळी होती, तो थोडा चिडका होता. राणी त्या दुसऱ्याला मिळाली तेव्हा माझ्या या मित्राचा चेहरा खरोखर पडला. मी विचारलं, ‘तूच मारलीस ना रे?’ तर म्हणाला, ‘ताई, मी त्याच्या बाजूने नीट खेळलो नसतो तर ते चीटिंग झालं असतं.’

मनातला सवंगडी असणं लहान वयात अगदी नेहमीचं आहे; पहिल्या आणि एकुलत्या मुलांत जरा जास्त आढळतं. त्याची टिंगल करू नका, पाहुण्यांसमोर करून दाखवायला लावू नका. त्या सवंगड्याला हाक मारून जेवायला बोलवायचीही गरज नाही. लक्ष कधी द्यायचं? खरी मुलं आली तरी मूल खोलीतून बाहेर येत नसेल, पूर्वी आवडणारं काही आवडेनासं झालं असेल, झोप आणि जेवण बिघडलं असेल, शाळेत जायच्या वेळी रोज पोट दुखत असेल, तर समुपदेशकाकडे जा. सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्याची फोनसेवा १४४१६ या क्रमांकावर मराठीतही बोलते. मुलावर कुणी हात टाकत असेल, त्रास देत असेल, तर १०९८ हा मुलांसाठीचा मदत क्रमांक आहे. तो मुलालाही पाठ असू द्या.

आमच्या मुलीला हरणं सहन होत नाही. ती खेळ सोडून निघून येते.

घरी आईबाबा मुद्दाम हरतात, हे त्याचं मूळ. ते थांबवा. पत्ते, सापशिडी, बुद्धिबळ, जे काही खेळाल ते खरं खेळा. रडली तर रडू द्या, समजुतीला आइस्क्रीम आणू नका, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा डाव मांडा.

गटात आम्ही एवढंच करतो: निघून गेलेल्या मुलाला बोलवायला मोठ्यांनी जायचं नाही, मुलांनीच जायचं. ‘चल गं, तुझ्यावरचं राज्य मी घेतो,’ असं म्हणायला जो मुलगा जातो, तो त्या दिवशी त्या मुलीचा थोरला भाऊ झालेला असतो. हे मोठ्या माणसाला जमत नाही.

स्केटिंग, अबॅकस, कीबोर्ड, इंग्रजी संभाषण, सगळे क्लास लावलेत. तरी म्हणते, मला कुणी मैत्रीण नाही. असं कसं?

कारण क्लासमध्ये मुलं शेजारी बसतात, एकमेकांबरोबर नसतात. सगळी एका वयाची, समोर एक सर, तास संपला की व्हॅनवाले काका दाराशी हजर. भांडायलाच वेळ नाही, मग समेट कुठून होणार? भांडून कट्टी, दोन दिवसांनी बट्टी, हे झाल्याशिवाय मैत्री पक्की होत नाही. तीच मुलं, तीच जागा, आणि करायला ठरलेलं काही नाही, असं पुष्कळ दिवस जावं लागतं.

आमच्या गल्लीत तीन घरांनी केलेली सोय सांगते, तुम्हाला जमेल. सोमवारी एका घराचं दार पाच ते सात उघडं, बुधवारी दुसऱ्याचं, शुक्रवारी तिसऱ्याचं. दार खरोखर उघडं, सेफ्टी डोअरसुद्धा. ज्या घराची पाळी त्या घरी एक मोठं माणूस हजर असतं, बहुधा आजी किंवा आजोबा, आणि ते आपलं काम करत बसतात. खायला एकच पदार्थ, सगळ्यांना सारखा: दडपे पोहे, शेंगदाण्याचा लाडू, नाहीतर नुसती केळी. टीव्ही बंद. मुलं काय खेळतात हे त्यांनी ठरवायचं. पहिले काही आठवडे ‘बोअर होतंय’ ऐकावं लागतं. तिथे माघार घेऊ नका. कंटाळा आला की पोरं उशा रचून किल्ला बांधायला लागतात.

ज्यांना असं जमत नाही त्यांनी गटातली जागा शोधावी. पुण्यात सारसबागेजवळचं गरवारे बालभवन वर्षानुवर्षं मुलांना असं मोकळं खेळायला देत आलं आहे. सेवादलाची शाखा, व्यायामशाळा, मल्लखांबाचा आखाडा, गणपतीतली मंडळाची नाटुकली, मोठ्यांसाठी ढोलपथक: जिथे लहानमोठे एकत्र असतात आणि जिथे मूल वर्षभर टिकेल, ते निवडा. ढोलपथकाला नावं ठेवणारे पालक मला भेटतात. आवाजाबद्दल त्यांचं म्हणणं मला पटतं. पण कॉलेजमधला घुमा मुलगा सरावाला जायला लागला आणि महिन्याभरात त्याला घरी सोडायला चार जण यायला लागले, हेही मी पाहिलं आहे.

मोबाइलमुळे एकटेपण वाढलं का?

मोबाइल नंतर आला. २०१६च्या सप्टेंबरात जिओ आलं, डेटा स्वस्त झाला आणि घरोघरी मुलांच्या हातात व्हिडिओ पोचले. दारं तर त्याच्या कितीतरी आधी लागली होती. रिकाम्या घरात बसलेल्या मुलाने जे हाताशी होतं ते धरलं.

पुढे २०२०च्या मार्चमध्ये शाळा बंद झाल्या, आणि पुढची जवळपास दोन वर्षं मध्ये मध्ये उघडून बंद होत राहिल्या. त्या काळात ज्यांची पहिली-दुसरी गेली ती मुलं आता गटात येतात. दोन भावंडं असलेल्या घरात निदान भांडण तरी होत होतं. एकुलत्या मुलाने ती वर्षं दोन ऑफिस मीटिंगांच्या मधल्या शांततेत काढली: ‘शू, बाबांचा कॉल चालू आहे.’ त्यांच्यातली काही अजून फार हळू आवाजात बोलतात. त्यांना वेळ द्या. ऑनलाइन खेळात मित्र मिळाला असेल तर तोही मित्रच आहे; तो कोण आहे ते विचारा, जवळ राहत असेल तर घरी बोलवा. फोन काढून घेऊन बदल्यात काहीच दिलं नाही, तर मूल दुप्पट एकटं पडतं.

मग सोबत म्हणून दुसरं होऊ द्यावं का?

दुसरं मूल हवं असेल तर होऊ द्या. पहिल्याची सोबत म्हणून नको. सहा-सात वर्षांच्या अंतराने आलेलं बाळ खेळगडी होईपर्यंत पहिलं दहावीच्या क्लासला गेलेलं असतं.

राखी, भाऊबीज, लग्नकार्यं... पुढे हिचं कोण करणार?

हा प्रश्न आज्या विचारतात, आणि त्याला हसून सोडून देऊ नये. एका पिढीत एकच मूल असेल तर चुलत-मामे-मावस भावंडं तरी असतात. सलग दोन पिढ्या एकेकच झाल्या की त्या मुलाला काका नाही, आत्या नाही, मामा नाही, मावशी नाही. आपल्या लग्नात मुलीला मांडवात मामा आणतो, नवऱ्याचा कान मुलीचा भाऊ पिळतो, करवली बहीण असते. रीती मोडत नाहीत. शेजारचा मुलगा कान पिळतो, मैत्रीण करवली होते, फोटोत सगळं छान दिसतं. पण त्या माणसाशी नातं आधी जुळलेलं असावं लागतं, आणि ते लग्नाच्या आदल्या आठवड्यात जुळत नाही.

म्हणून आत्ताच दोन-तीन माणसं पक्की करा. भाऊबीजेला दरवर्षी त्याच आतेभावाला ओवाळू द्या. तो बेंगळुरूला असेल तर पाडव्याला तिकडे जा. उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलाला आठ-दहा दिवस मामाकडे किंवा मित्राच्या गावी तुमच्याशिवाय राहू द्या, तुम्हाला करमलं नाही तरी. आणि शेजारच्या भावाला राखी बांधली, तर त्याच्या परीक्षेच्या, आजारपणाच्या वेळीही जा.

चीनमध्ये एकच मुलाच्या कायद्याने पिढी बिघडली म्हणतात. आपलंही तसंच होईल का?

तिकडे १९८०पासून २०१५ अखेरपर्यंत सरकारने धोरण लादलं. दंड झाले, सक्तीचे गर्भपात झाले. आपल्याकडे कुटुंबं आपापल्या परिस्थितीने थांबली. सारखेपणा एवढाच की चार आजी-आजोबा आणि दोन आईवडील यांचं सगळं लक्ष, आणि पुढे सगळी जबाबदारी, एकाच जिवावर येते. ते ओझं लहानपणीच जाणवतं. ‘आमचं सगळं तुझ्यासाठीच’ हे वाक्य मुलाला ऐकवू नका. ज्याला वाटून घ्यायला कुणी नाही, त्याला ते फार जड जातं.

मी एकुलती एक, वय ३८, राहते न्यू जर्सीत. आईबाबा पुण्यात, दोघं सत्तरीत. रात्री फोन वाजला की छातीत धस्स होतं. काय करू?

हा फोन मला वेगवेगळ्या शहरांतून येतो. भावंडं असलेल्यांच्या घरीही शेवटी बहुधा एकालाच सगळं करावं लागतं, तरी ‘आपण काय ठरवायचं?’ असं विचारायला कुणी असणं वेगळं. ते माणूस तुम्हाला मिळवावं लागेल. चुलत भाऊ, शाळेतली मैत्रीण, नवरा, कुणीही. पण ज्याच्याशी आईच्या ऑपरेशनबद्दल मोकळेपणी बोलता येईल असं एक जण ठरवून ठेवा, आणि त्याला तसं सांगा.

कायद्याने आईवडिलांचा सांभाळ ही मुलगा आणि मुलगी दोघांचीही जबाबदारी आहे. २००७चा ज्येष्ठ नागरिकांचा कायदा भेद करत नाही. वडिलोपार्जित मिळकतीतही महाराष्ट्रात १९९४पासून आणि देशभर २००५पासून मुलीचा हक्क मुलाइतकाच आहे. अंत्यसंस्कार मुलीने केलेले आता पुण्या-मुंबईत सर्रास दिसतात, गुरुजीही अडून बसत नाहीत. तुमची अडचण अंतराची आहे, तेव्हा तयारीही त्याच दृष्टीने करा. घराची एक किल्ली शेजारी, एक त्याच भागातल्या मित्राकडे. आईबाबांच्या औषधांची यादी, रक्तगट, डॉक्टरांचा नंबर आणि विम्याचं कार्ड फ्रिजच्या दारावर. बँकेची खाती दोघांच्या नावावर, नॉमिनी तपासलेला, मृत्युपत्र नोंदवलेलं. आणि पुढच्या वेळी याल तेव्हा आठ दिवसांतली एक संध्याकाळ नातेवाइकांच्या जेवणावळीतून सोडवून घ्या. इमारतीतल्या चार घरांत जाऊन बसा, चहा घ्या, त्यांचे नंबर घ्या, तुमचा द्या. वेळ आली तर रिक्षा बोलावून बाबांना ॲडमिट करायला हीच माणसं जाणार आहेत.